सगळ्यांना सगळं ठाऊक असलेल्या गावात खून लपतो कसा?

शहरातल्या रहस्यकथेचा पहिला प्रश्न असतो, हा माणूस कोण? दीड-दोनशे उंबऱ्यांच्या वाडीत हा प्रश्न उद्भवतच नाही. कोण कोणाचा साडू, कोणाच्या घरात कोणत्या साली वाटण्या झाल्या, कोणाची म्हैस कोणाच्या परड्यात शिरली आणि त्यावरून किती वर्षं बोलणं बंद आहे, हे तिथे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. तिथला प्रश्न वेगळा असतो, आणि जास्त अवघडही. सगळ्यांना सगळं ठाऊक असताना ही एकच गोष्ट लपली कशी? की ती लपलेली नाहीच, फक्त कोणी तोंड उघडत नाही?

छोट्या वस्तीत घडणारी प्रेम-रहस्य कादंबरी या प्रश्नावर उभी असते. गाव म्हणजे देखावा, खून म्हणजे कथानक आणि प्रेम म्हणजे तोंडी लावणं, असं समजून लिहायला बसलं की तीन अर्धवट कादंबऱ्या हाती लागतात. नीट बांधलेल्या कादंबरीत या तिघांना एकच खिळा धरून ठेवतो. तो खिळा कुठे आणि कसा ठोकायचा, तेच इथे सुटं करून बघू.

तीन वेगळी वचनं

रहस्य मागे बघतं, थरार पुढे बघतो. विहिरीवरच्या पंपाच्या खोलीत सकाळी प्रेत सापडलं, दाराला आतून कडी होती, हे रहस्य. त्याच खोलीत कोणीतरी स्विचची वायर सोलून ठेवलेली वाचकाला दिसली आहे आणि आता नायिका ओल्या हाताने पंप लावायला निघाली आहे, हा थरार. पहिल्यात वाचकाला पात्रांइतकंच किंवा त्यांच्याहून कमी ठाऊक असतं. दुसऱ्यात त्यांच्याहून जास्त.

प्रेमकथेचं वचन तिसरंच असतं. ही दोघं शेवटी एकत्र येणार हे वाचकाला पहिल्या भेटीतच कळतं आणि त्याला ते चालतं. तो प्रवास बघायला आलेला असतो, मुक्काम नाही.

आता ही वचनं एकाच कादंबरीत दिली की लगेच पेच पडतो. शेवट गोड होणार हे ठरलेलं असेल तर नायक खुनी असूच शकत नाही. मग त्याच्यावरचा संशय वाचकाने खरा का मानावा? नवखे लेखक इथेच हमखास अडकतात. नायकाच्या सदऱ्यावर रक्ताचा डाग दाखवतात, वाचक मनात म्हणतो, ‘कोंबडीचं असेल.’ म्हणून नायकाबद्दलचा प्रश्न ‘याने मारलं का?’ असा ठेवूनच चालत नाही. ‘हा काय लपवतोय, आणि ते कळल्यावर तिला हा हवासा वाटेल का?’ असा तो ठेवावा लागतो. याचं उत्तर वाचकाला खरोखरच माहीत नसतं.

प्रेमाला बंदी होती तेव्हा

एकेकाळी रहस्यकथेत प्रेम निषिद्ध होतं. १९२८ साली एस. एस. व्हॅन डाइन या अमेरिकन लेखकाने रहस्यकथेचे वीस नियम छापले. त्यातला एक नियम प्रेमप्रकरण नको असा होता. गुन्हेगाराला कोर्टापुढे उभं करायचं आहे, प्रेमात पडलेल्या जोडीला बोहल्यावर नाही, असं त्याचं म्हणणं. त्याची भीती अगदीच खोटी नव्हती. प्रेम आलं की तपास थांबतो, आणि दोन चांदण्या रात्रींनंतर वाचक पहिला पुरावा विसरतो.

त्याच सुमारास इंग्लंडमध्ये गाव रहस्यकथेत येत होतं. अगाथा ख्रिस्तीची मिस मार्पल १९२७ साली एका लघुकथेतून अवतरली आणि १९३० साली तिची पहिली कादंबरी आली. या म्हातारीची रीत बघण्यासारखी आहे. ती भिंगातून राख बघत नाही. संशयित बघून तिला गावातला कोणी आठवतो, ‘हा अगदी आमच्या अमक्या दुकानातल्या पोरासारखा वागतो,’ आणि त्या पोराने काय लबाडी केली होती त्यावरून ती इथली लबाडी ओळखते. गाव म्हणजे तिच्यासाठी माणसांच्या नमुन्यांचं दप्तर. गावातली नायिका रंगवताना ही रीत आजही उपयोगी पडते.

डोरोथी सेयर्सने तर बंदी उघडच मोडली. १९३७ सालच्या तिच्या कादंबरीच्या उपशीर्षकात तिने ही ‘मधूनमधून तपासाचे व्यत्यय येणारी प्रेमकथा’ असल्याचं सरळ सांगून टाकलं. गॉथिक धाटणीची दुसरी परंपरा शेजारून चालत होतीच. एकटी तरुणी, मोठं घर, न बोलणारा मालक. १९६०च्या दशकात अमेरिकेत असल्या पुस्तकांचा सुळसुळाट झाला आणि मुखपृष्ठही ठरून गेलं, पळणारी बाई आणि मागे अंधाऱ्या वाड्याच्या एकाच खिडकीत दिवा. पुढे १९८४ साली हार्लेक्विन या कॅनडातल्या प्रकाशनाने प्रेम आणि गुन्हा यांची एक वेगळी मालिकाच सुरू केली.

वस्ती छोटीच का हवी, याचं नेमकं उत्तर डब्ल्यू. एच. ऑडेन या कवीने १९४८ सालच्या एका निबंधात दिलं आहे. मंडळ बंद हवं, म्हणजे बाहेरचा कोणी येऊन मारून गेला ही पळवाट उरत नाही, आणि आतली माणसं एकमेकांत गुंतलेली हवीत, म्हणजे प्रत्येकावर संशय घेता येतो. शिवाय जागा वरवर निर्मळ दिसायला हवी. तिथलं प्रेत विजोड वाटलं पाहिजे, बैठकीच्या गालिच्यावर कुत्र्याने घाण करावी तसं.

मराठीत रहस्यकथेची परंपरा दांडगी आहे. बाबूराव अर्नाळकर, गुरुनाथ नाईक, सुहास शिरवळकर यांनी वाचनालयांची कपाटं भरली. पण तिथे गोष्ट मुख्यतः धाडसी नायकाभोवती फिरते, झुंजार असो की दारा बुलंद. वाडी हेच यंत्र करून चालवणारी गोष्ट त्या मानाने कमी. साहित्य मात्र आपल्याकडे रग्गड आहे, इंग्रजी लेखकाला हेवा वाटावा इतकं. एक नमुनाच बांधून बघू.

नमुना: खाडीकाठची वाडी

कोकणातली खाडीकाठची एक वाडी घ्या. १८० घरं, त्यातली निम्मी बंद. पावसाळा संपत आलाय, गणपती आहेत, चाकरमानी आलेत. बंद मंडळ हवं असेल तर बर्फाचं वादळ आणि तुटलेला पूल आणायची गरज नाही. गौरी-गणपतीचे पाच दिवस पुरेत. ज्यांचं एकमेकांशी वर्षभर तोंड नसतं ते सगळे त्या दिवसांत एकाच घरात, एकाच पंगतीत असतात.

नायिका पुण्याहून आली आहे. चुलत्यांनी खाडीलगतची जमीन विकली आहे. फेरफाराची नोटीस चावडीवर लागली आहे आणि हरकत घ्यायला १५ दिवस आहेत. थरारकथेला घड्याळ लागतं, ते सरकारी कागदानेच दिलं. त्या जमिनीत तिच्या आत्याचाही हिस्सा होता. बारा वर्षांपूर्वी आत्याने हक्कसोड पत्र करून तो भावाला दिला, असं दप्तर सांगतं. आत्या आता हयात नाही. गावात सगळे म्हणतात, ती मुंबईहून परस्पर तालुक्याला आली, सही केली आणि तशीच परत गेली.

तालुक्याला दस्तलेखनाचं काम केलेले, आता घरी बसलेले एक म्हातारे गृहस्थ नायिकेला निरोप पाठवतात, ‘तुमच्या आत्याच्या कागदाबद्दल बोलायचं आहे.’ दुसऱ्या दिवशी पहाटे ते धक्क्याजवळ मेलेले सापडतात.

आता खिळा. हक्कसोड पत्र नोंदवताना दुय्यम निबंधकापुढे करून देणाऱ्याला ओळखणारे दोन जण लागतात. ‘आम्ही यांना व्यक्तिशः ओळखतो’ असं ते सांगतात आणि सही करतात. त्या दोघांतला एक नायक आहे. तेव्हा तो वीस वर्षांचा होता, चुलत्यांच्या होडीवर कामाला होता, आणि ‘इथे सही कर’ म्हटल्यावर त्याने केली. समोर उभी असलेली बाई आत्या नव्हती, हे त्याला ठाऊक होतं.

या एका सहीने काय काय होतं ते बघा. त्याने लपवण्याजोगं खरंच काही केलेलं आहे, म्हणून त्याच्यावरचा संशय पोकळ नाही. तो खुनी नाही, म्हणून शेवट गोड होऊ शकतो. तोतया बाई कोण होती हे जिवंत माणसांत फार थोड्यांना ठाऊक आहे आणि त्यातला एक तो आहे, म्हणून त्याने तोंड उघडल्याशिवाय रहस्य सुटत नाही. आणि तोंड उघडलं की नायिका दुरावते, कारण तिच्याच घराचा हक्क त्याने बुडवला. प्रेमातली फूट आणि तपासाची किल्ली, दोन्ही एकाच गोष्टीत. खिळा बरोबर बसलाय की नाही हे तपासायची सोपी युक्ती अशी: प्रेमकथा पूर्ण काढून टाका आणि बघा, खून सुटतो का? सुटत असेल तर खिळा सैल आहे.

खुनी कोण? सगळ्यांचं बोट चुलत्यांकडे जाणार, फायदा त्यांचाच झालेला. म्हणूनच ते नकोत. उघडकीला आलं तर चुलत्यांचे जमिनीचे पैसे जातील. तोतया म्हणून उभ्या राहिलेल्या बाईचं त्याहून जास्त जाणार आहे. तेव्हा गरजेपोटी दोन पैशांसाठी उभी राहिलेली ती आज बचत गटाची अध्यक्ष आहे आणि उद्या सरपंचपदाला उभी राहायची आहे. नायिका तिला काकी म्हणते. तिनेच नायिकेला आल्या दिवशी घावने खायला घातले. फायदा कोणाचा, यापेक्षा ‘कोणाचं जास्त जाणार?’ हा प्रश्न छोट्या गावात खुन्यापर्यंत नेतो, कारण तिथे पत गेली की दुसऱ्या पेठेत जाऊन नव्याने दुकान मांडता येत नाही.

आरती, सुतक आणि भरती

खुनाच्या वेळी काकी कुठे होत्या? ‘आरत्यांना.’ सगळेच आरत्यांना होते. रात्री आठपासून घोळका घरोघर फिरतो, एका खळ्यातून, म्हणजे अंगणातून, दुसऱ्या खळ्यात. पन्नास माणसांच्या घोळक्यात कोण मधेच गळलं आणि कोण दोन घरांनंतर पुन्हा मिसळलं, हे कोणी मोजत नाही. प्रत्येकाला वाटतं, ती होतीच की. इतकी सुंदर सार्वजनिक साक्ष इंग्रजी खेड्यातल्या चहापानाला मिळत नाही.

ही साक्ष फोडायची कशी? त्या रात्री पावणेनऊला मुंबईहून फोन येतो, एका घराच्या भावकीत कोणी गेलं. घराला सुतक लागलं. त्या घरची आरती झालीच नाही, घोळका वळसा घालून पुढे गेला. काकी मात्र दोन दिवसांनी बोलण्याच्या ओघात सांगतात, ‘त्यांच्याकडे आरतीला होते तेव्हा पाऊस आला बघ.’ त्या घरी नेहमीसारखी आरती झालीच असणार, असं त्या धरून चालल्या. म्हणजे त्या घोळक्यात नव्हत्या.

हा पुरावा वाचकासमोर उघडा ठेवायचा, पण त्याचं लक्ष दुसरीकडे असताना. इथे प्रेमकथा तपासाचं कर्ज फेडते. सुतक लागलेल्या घराच्या अंधाऱ्या पडवीत त्या रात्री नायक-नायिका पावसामुळे अडकून बसतात. लांबून टाळ ऐकू येतात, इथे कोणी येत नाही. ‘इकडे का नाही येत?’ ‘सुतक लागलंय.’ दोन वाक्यं, आणि लगेच त्यांचं बोलणं दुसरीकडे वळतं. वाचक त्या दोघांत गुंतलेला असतो. सुतकाची गोष्ट त्याच्या डोळ्यांखालून जाते पण मनात नोंदली जात नाही. प्रेमाच्या प्रसंगात लपवलेला पुरावा सगळ्यात उशिरा सापडतो. व्हॅन डाइनची तक्रार अशी त्याच्यावरच उलटवता येते.

आता भरतीचं गणित. खाडीकाठी खून घडवणाऱ्या लेखकाने ते केलंच पाहिजे, कारण किनारपट्टीचा वाचक ते डोक्यात करतो. जुना आडाखा असा की तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते. पंचमीला पाच गुणिले पाऊण, म्हणजे पावणेचार. दुपारी पावणेचारला पूर्ण भरती, तिथून सहा तासांनी, रात्री दहाच्या आसपास, पूर्ण ओहोटी, आणि पहाटे चारनंतर पुन्हा भरती. खाडीत जसजसं आत जावं तसा थोडा उशीर. रोज हे चक्र सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकतं.

म्हणजे पंचमीच्या रात्री साडेनऊला धक्क्यावरून ढकललेला माणूस पाण्यात पडणारच नाही, चिखलात पडेल. ‘पाय घसरून पाण्यात पडले, बुडाले’ असं जो पहिल्यांदा बोलला, तो एकतर बाहेरचा आहे किंवा त्याने प्रेत पहाटे पाण्यात तरंगताना बघून अंदाज केला आहे. खाडीत जाळं टाकणारा वाडीतला पागी असं बोलणार नाही. लेखकाने हिशेब केला तर हा पुरावा फुकट मिळतो. केला नाही तर हीच चूक म्हणून छापून येते.

मृत्यूच्या वेळेबाबतही तसंच. प्रेत ताठरायला साधारण दोन-तीन तासांत सुरुवात होते, सर्वांग ताठायला बाराएक तास लागतात, आणि उष्ण हवेत ही अवस्था लवकर ओसरते. प्रेताच्या तापमानावरून वेळ काढायची तर हवा थंड असावी लागते. भाद्रपदातल्या दमट उकाड्यात शरीर हळू निवतं, पाण्यात भराभर. त्यामुळे कादंबरीतला डॉक्टर ‘रात्री नऊ वाजून चाळीस मिनिटांनी’ असं बोलला की तो खोटा वाटतो. त्याला दोन-तीन तासांची पट्टी सांगू द्या. ती पट्टी आरत्यांच्या वेळेवर पडली की पुरे.

मापं

छापील पानावर २५० ते ३०० शब्द धरले तर २२० पानांची कादंबरी ५५ ते ६६ हजार शब्दांची होते. हार्लेक्विनच्या प्रेम-गुन्हा मालिकेतली पुस्तकं ५५ हजारांच्या आसपास असतात, म्हणजे हे माप जमण्यासारखं आहे.

संशयित पाच ते सात. चारांवर आले तर वाचक नाणेफेक करतो, आठांच्या वर गेले तर त्याला नावं आठवत नाहीत. वाडीत सगळ्यांची आडनावं सारखी असतात, ही वास्तवातली खरी गोष्ट कादंबरीत मात्र घात करते. नावांची पहिली अक्षरं वेगळी ठेवा, आणि माणूस नात्याने किंवा धंद्याने ओळखू येऊ द्या: पोस्टवाले काका, वरल्या घरची वहिनी, टेम्पोवाला.

प्रेत २५ ते ३० पानांत सापडायला हवं. त्याआधी दोघांची भेट झालेली हवी, शक्यतो भांडणातून नव्हे. भांडणातून जुळणाऱ्या जोड्या इतक्या झाल्या आहेत की आता त्या भांडायला लागल्या की वाचक पानं उलटतो. पन्नाशी-साठीच्या पानांवर नायकाचं पहिलं खोटं पकडलं जावं. सुतकाच्या पडवीचा प्रसंग ९५च्या आसपास, मध्याच्या जरा आधी. १६५च्या सुमाराला त्याची सही बाहेर यावी आणि दोघं तुटावीत. यापेक्षा उशीर झाला तर परत जुळायला जागा उरत नाही, आणि घाईने झालेली माफी खोटी वाटते. शेवटचा धोका १९५ ते २०५. उरलेली पंधरा पानं कशासाठी, ते पुढे.

प्रत्येक महत्त्वाचं सत्य तीन वाटांनी वाचकापर्यंत जायला हवं, कारण एक वाट तो हमखास चुकवतो. तोतया बाईचं सत्य घ्या. आत्याला सही करता येत होती, कागदावर मात्र नुसता अंगठा आहे. काकींना तालुक्याच्या त्या कचेरीतला जिना नेमका आठवतो, जिथे त्या ‘कधी गेल्याच नाहीत’. आणि तिसरी वाट म्हणजे कागदावरचा फोटो.

या फोटोकडे जरा थांबून बघावं लागतं, कारण तिथेच कथानक कोसळू शकतं. दस्त नोंदवताना करून देणाऱ्याचा फोटो आणि अंगठ्याचा ठसा घेतला जातो. मग बारा वर्षं तोतया लपली कशी? उत्तर साधं आणि गावाला शोभणारं आहे. नक्कल कोणी काढलीच नाही. सातबाऱ्यावर नाव कमी झालं, ते चावडीवर सगळ्यांनी वाचलं, चर्चा झाली, संपलं. मूळ दस्त बघायला तालुक्याला कोण जातं? अर्ज आणि फी भरून जमिनीच्या दस्ताची नक्कल कोणालाही मिळते. नायिका ती काढते आणि फोटोतला चेहरा ओळखते. तिलाच काय, अख्ख्या वाडीला तो ओळखू आला असता. कोणी बघितला नाही इतकंच.

‘तुम्ही’ आणि ‘तू’

इंग्रजी लेखकाकडे नसलेलं एक हत्यार आपल्याकडे आहे. दोघं एकमेकांना ‘तुम्ही’ म्हणत सुरुवात करतात. कोणत्या पानावर कोण आधी ‘तू’ वर येतं, हे ठरवून ठेवा. एकदाच, गाजावाजा न करता. आणि सही बाहेर आल्यावर ती पुन्हा ‘तुम्ही’ म्हणते. ‘तुम्ही ओळखत होतात तिला?’ या एका वाक्याने तीन पानांचं रडणं वाचतं.

खोटं किती माफ होतं याचंही एक माप आहे. नायकाने स्वतःची लाज झाकायला खोटं बोललेलं वाचक सोडून देतो. तिच्या जिवाला धोका आहे हे कळल्यावरही गप्प राहिला तर नाही. म्हणून धोका त्याला कळण्याच्या आधीच त्याने स्वतःहून सांगायला सुरुवात केलेली हवी. निदान तो तिच्या दारापर्यंत येऊन परत गेलेला हवा. शिवाय तो तिच्यावर पाळत ठेवतो, तिला न विचारता तिचा फोन बघतो, तिला ‘तुझ्या भल्यासाठी’ खोलीत कोंडतो, हे जुन्या गॉथिक पुस्तकांत खपून गेलं. आज वाचणारी बाई त्याला तिथेच खुन्याच्या रांगेत बसवते.

पोलीस कधी येतात

परदेशी कादंबरी वाचून लिहिणाऱ्यांचं पोलिसांच्या बाबतीत फार चुकतं. आपल्या वाडीत गुप्तहेर येत नाही. आधी पोलीस पाटील येतो, महाराष्ट्र ग्राम पोलीस अधिनियम, १९६७ प्रमाणे नेमलेला. तो त्याच गावचा, कोणाचा तरी भाऊ, कोणाचा तरी देणेकरी. तोच ठाण्याला कळवतो. मग अकस्मात मृत्यूची नोंद, पंचनामा, शवविच्छेदन. १ जुलै २०२४ पासून हे सगळं भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १९४ खाली होतं, आधी ते फौजदारी प्रक्रिया संहितेचं १७४ होतं. गोष्ट कोणत्या साली घडते ते ठरवून कलम लिहा, किंवा कलम लिहूच नका.

‘अकस्मात मृत्यू’ हा शब्द लेखकाला वरदान आहे. जोपर्यंत खुनाचा गुन्हा दाखल होत नाही तोपर्यंत तपास संथ असतो, आणि त्या पोकळीत नायिकेने प्रश्न विचारणं पटतं. गुन्हा दाखल झाल्यावरही ती एकटी फिरत राहिली तर वाचक विचारतो, पोलीस काय करतायत?

शेवटच्या प्रकरणात खुनी सगळ्यांसमोर घडाघडा कबुली देतो, ही तर जुनीच खोड. आपल्या कायद्यात पोलिसांपुढे दिलेली कबुली पुरावा म्हणून चालत नाही. तेव्हा काकींनी ठाण्यात काय सांगितलं त्यावर शेवट टांगू नका. नक्कल, अंगठ्याचा ठसा, आरतीचा चुकलेला हिशेब आणि नायकाची साक्ष, यांवर तो उभा राहू द्या.

कुठे कुठे बिघडतं

सगळ्यात मोठी चूक म्हणजे गाव गोड करणं. सगळे भोळे, सगळे मिश्कील, सगळ्यांच्या हाताला चव. असल्या गावात खून झाला तर तो बाहेरून आणून ठेवल्यासारखा दिसतो. गावाची निर्मळता वरवरची असावी, खाली जुनी देणी असावीत.

दुसरी चूक याहून आपली आहे. वाड्या भावकीप्रमाणे आणि जातीप्रमाणे वसलेल्या असतात. आरतीचा घोळका कोणत्या वाडीत जातो आणि कोणत्या वाडीच्या कडेने वळतो, विहिरीवर कोण कधी जातं, कोणाला स्वयंपाकघरापर्यंत मुभा आहे आणि कोणाला पडवीपर्यंतच, यावर कोणी काय बघितलं असेल हे ठरतं. शहरातून लिहिणारे हे गाळतात. गाळलं की गाव खोटं होतंच, पण साक्षीही चुकतात. पडवीपर्यंतच येऊ दिलेली माणसं बाहेरून बरंच बघतात, आणि त्यांना कोणी विचारत नाही. चांगली नायिका त्यांना विचारते.

मग लहानसहान गोष्टी आहेत. मोबाइलला रेंज नाही हे आजकाल कोणी पटकन मानत नाही. रेंज कुठे येते हे वाडीत प्रत्येकाला ठाऊक असतं, देवळाच्या पायरीवर किंवा वरल्या वळणावर. त्यातच गंमत आहे, कारण फोन करायला जाणारा माणूस सगळ्यांना दिसतो. नायिकेने रात्री एकटीने बंद घरात जावं असं वाटत असेल तर न जाण्याने काहीतरी कायमचं हातचं जाणार असावं. नुसती उत्सुकता पुरत नाही. आणि खुनी पहिल्या पन्नास पानांत येऊन गेलेला असावा, हसून, काहीतरी खायला देऊन.

मालिका करायची असेल तर वेगळीच पंचाईत. ‘मर्डर, शी रोट’ ही अमेरिकन दूरचित्रवाणी मालिका १९८४ ते १९९६ अशी बारा सत्रं चालली, आणि तिच्या कॅबट कोव्ह या चिमुकल्या गावात इतके खून पडले की तो एक विनोदच होऊन बसला. १८० घरांच्या वाडीला एक खून पचतो, दुसरा कसाबसा. तिसऱ्यासाठी जुनं प्रकरण उकरावं, खुनाऐवजी कोणीतरी बेपत्ता व्हावं किंवा जोडीला दुसऱ्या गावी पाठवावं.

उरलेली पंधरा पानं

खुनी सापडला की शहरातली कादंबरी संपते. गावातली संपत नाही, कारण उद्या सकाळी हीच माणसं एकाच दुकानात दूध घ्यायला येणार असतात. काकींच्या मुलांशी कोण बोलणार? चुलत्यांच्या घरी पुढच्या वर्षी आरतीला कोण जाणार? शेवटच्या पंधरा पानांत यातलं थोडं तरी दिसायला हवं.

आणि नायकाचा हिशेब राहतोच. खोट्या माणसाला ओळख देणं हा नोंदणी कायद्याच्या कलम ८२ खाली गुन्हा आहे, सात वर्षांपर्यंत शिक्षा होऊ शकते. साक्ष द्यायला उभा राहताना तो स्वतःलाही अडकवतो. प्रेमाची कबुली देणारं कुठलंही वाक्य यापुढे फिकं आहे, म्हणून ते लिहू नये. तो तालुक्याला जायला पहाटेची गाडी पकडतो, आणि ती आधीच थांब्यावर उभी असते. शेवट आशेचा हवा, सगळं सुटलेला नको. प्रकरण कोर्टात चालू ठेवूनही कादंबरी पुढच्या भाद्रपदात संपवता येते. नायिका येऊन आत्याच्या बंद घराचं कुलूप काढते, मखर साधंच असतं, घोळका खळ्याच्या तोंडाशी येऊन घुटमळतो, आणि आत यावं की वळसा घालावा हे पुढचे दोघे-तिघे एकमेकांकडे बघून ठरवत असतात.